दुकानातला ‘शार्क’, नदीतला शार्क आणि तीन फुटी टाकी

प्रश्न थोडक्यात असा आहे: तीन फूट लांब, साधारण ९० लिटर पाण्याच्या नव्या टाकीत चार छोटे ‘टायगर शार्क’ आणले. आठवड्याभरात एकाचं नाक सोललं आणि बाकीचे लाइट लावला की काचेवर आदळतात. दुकानदार म्हणतो, “टाकीएवढेच वाढतात, टेन्शन घेऊ नका.” हे मासे ठेवावेत, की बदलून रेड टेल किंवा सिल्व्हर शार्क घ्यावेत? आणि गोड्या पाण्यात खरे शार्क असतात तरी का?

आधी तुमच्या माशांचं बघू. टायगर शार्क, ब्लॅक शार्क, व्हाइट शार्क अशा नावांनी आपल्याकडे जो पाच-सात सेंटिमीटरचा मासा विकतात तो शार्क नव्हे. तो पंगास, म्हणजे कॅटफिशच्या गणातला मासा. शास्त्रीय नाव पंगासिअनोडॉन हायपोफ्थाल्मस. हॉटेलात ‘बासा’ म्हणून येणारा बिनकाट्याचा तुकडा बहुतेक वेळा याचाच असतो, आणि ‘व्हाइट शार्क’ म्हणजे याचाच अल्बिनो प्रकार. मूळचा तो मेकाँग आणि चाओ फ्राया या नद्यांचा. पूर्ण वाढलेला मासा १३० सेंटिमीटर आणि ४० किलोच्या पुढे जातो. आंध्रातल्या शेततळ्यांत नीट खाद्य मिळालं की सहा ते आठ महिन्यांत तो किलोभराचा होऊन बाजारात जातो. तुमच्या टाकीची रुंदी असेल फूटभर. म्हणजे एक-दीड वर्षात मासा लांबीला टाकीच्या रुंदीएवढा होणार आणि त्याला धड वळताही येणार नाही. थोडक्यात, हे चारही मासे द्यायचे आहेत. कसे द्यायचे ते शेवटी सांगतो.

‘टाकीएवढाच वाढतो’ हे वाक्य प्रत्येक दुकानात ऐकू येतं आणि त्याला थोडा आधार आहे, म्हणून ते टिकून आहे. लहान टाकीत वाढ खरोखर मंदावते. पण ती मासा जागा बघून थांबवत नाही. नायट्रेट साचतं, ऑक्सिजन कमी पडतो, पोहायला अंतर मिळत नाही आणि मासा सतत घाबरलेला राहतो. या सगळ्याचा तो परिणाम असतो. असे मासे पाठीत वाकडे होतात आणि अर्ध्या वयात मरतात. पंगासच्या बाबतीत फसवणूक जास्त काळ चालते, कारण हा मासा वर येऊन हवा गिळू शकतो. ज्या पाण्यात दुसरा मासा दोन दिवसांत उलटा झाला असता, तिथे हा महिनोन्‌महिने तग धरतो आणि मालकाला वाटतं की सगळं ठीक चाललंय.

नाक का सोलतं? पंगास कळपानं राहणारा, मोकळ्या मोठ्या पाण्यात लांबवर जाणारा मासा आहे. नजर बेताची, स्वभाव भित्रा. अंधारातून एकदम लाइट लागला, कोणी काचेवर टकटक केली, शेजारी दार आपटलं, की तो समोर दिसेल त्या दिशेला सुसाट सुटतो, आणि तीन फुटी टाकीत समोर काचच असते. कधी आपटून बेशुद्ध झाल्यासारखा तळाशी पडतो. त्याला मेला समजून बाहेर काढू नका. कल्ले हलत असतील तर लाइट बंद करा आणि हात लावू नका, बहुतेक वेळा थोड्या वेळात उठतो.

दुसरं घर मिळेपर्यंत एवढं करा. टाकीच्या मागच्या आणि दोन्ही बाजूंच्या काचांना बाहेरून काळा कागद लावा. आधी खोलीतला दिवा, पंधरा-वीस मिनिटांनी टाकीचा, रात्री उलट क्रमाने. टोकदार दगड, प्लास्टिकचा किल्ला वगैरे काढून टाका. तळाला बारीक वाळू पुरे. हीटर असेल तर त्यावर जाळी बसवा. झाकणावर वजन ठेवा.

आता पाणी. टाकी आठवड्याचीच आहे, म्हणजे माशांच्या घाणीतून येणाऱ्या विषारी अमोनियाचं नायट्राइट आणि पुढे नायट्रेट करणारे जिवाणू फिल्टरमध्ये अजून बसलेले नाहीत. त्यांना चार ते सहा आठवडे लागतात. तोवर चार पंगास रोज जेवढी घाण करतील ती सगळी पाण्यातच राहणार. थेंबांचं टेस्ट किट आणा. कागदी पट्ट्या भरवशाच्या नसतात. अमोनिया किंवा नायट्राइट शून्याच्या वर दिसलं की त्या दिवशी २५ ते ३० टक्के पाणी बदला. बोअरचं पाणी वापरत असाल तर जास्तच सांभाळा, कारण त्याचा पीएच बहुधा चढा असतो. २८ अंश तापमानाला पीएच ७ असेल तर एकूण अमोनियातला पाऊण टक्क्याहून कमी भाग विषारी रूपात असतो. पीएच ८ झाला की तोच भाग साडेसहा टक्क्यांच्या आसपास जातो. किटवर आकडा तोच, पण माशाला मार नऊ-दहा पट. ‘माझ्या मित्राकडे एवढाच अमोनिया आहे आणि त्याचे मासे मजेत आहेत’ याचं उत्तर बहुधा इथेच सापडतं.

नळाच्या पाण्यात क्लोरीन असतं. अँटीक्लोरचे खडे म्हणजे सोडियम थायोसल्फेट. लिटरमागे १ मिलिग्रॅम क्लोरीनला साधारण ७ मिलिग्रॅम लागतं, म्हणून नेहमीच्या नळाच्या पाण्याला १०० लिटरमागे १ ग्रॅम धरला की थोडं हाताशी राहतं. खडे बादलीत विरघळवून मगच पाणी टाकीत घाला. टँकरच्या पाण्यात क्लोरीन कधी शून्य तर कधी डोळ्यांना झोंबेल एवढं असतं, तिथे अंदाजाने चालू नका.

सोललेल्या नाकाला औषधाची घाई करू नका. पाणी स्वच्छ राहिलं तर वरवरची जखम आपोआप भरते. लिटरमागे १ ग्रॅम साधं मीठ पुरेसं आहे, तेही एकदम न घालता दिवसभरात तीन हप्त्यांत, वेगळ्या भांड्यात विरघळवून. पुढे पाणी बदलताना जेवढं काढलं तेवढ्याच पाण्याचं मीठ परत घाला, नाहीतर प्रमाण चढत जातं. ‘बिनखवल्यांच्या माशाला मीठ चालत नाही’ हा समज सरसकट खरा नाही. पंगास मेकाँगच्या त्रिभुज प्रदेशात मचूळ पाण्याच्या कडेलाही वाढवतात, एवढ्या मिठाने त्याला काही होत नाही. टाकीतल्या झाडांना मात्र मीठ बाधतं. जखमेवर कापसासारखे पांढरे तंतू दिसले तर ती बुरशी. तेव्हा मासा वेगळ्या टबमध्ये घेऊन तिथे मिथिलीन ब्लू वापरा. मुख्य टाकीत ते ओतलं तर फिल्टरमधले जेमतेम बसू लागलेले जिवाणू मरतात आणि तुम्ही परत पहिल्या दिवशी येता.

पांढरे ठिपके, म्हणजे ‘इक’, हा पंगासचा नेहमीचा आजार. दुकानातून आणल्यावर आठ-दहा दिवसांत अंगावर रव्याएवढे दाणे दिसतात. हा परजीवी माशाच्या कातडीखाली असताना औषधाला दाद देत नाही. तो गळून पडतो, तळाशी फुटतो आणि त्यातून निघालेली पिल्लं नवा मासा शोधत पोहतात, तेवढ्याच वेळात मरतो. म्हणून ठिपके गेले की औषध थांबवणं ही सगळ्यात मोठी चूक. तापमान दिवसाला दोन अंशांपेक्षा जास्त न वाढवता ३० पर्यंत न्या म्हणजे त्याचं चक्र लवकर फिरतं, एअर स्टोन (हवेचे बुडबुडे सोडणारा दगड) वाढवा कारण गरम पाण्यात ऑक्सिजन कमी मावतो, आणि शेवटचा ठिपका गेल्यावरही उपचार आठवडाभर चालू ठेवा. मॅलॅकाइट ग्रीनची औषधं पंगासला बाटलीवर लिहिलेल्या मात्रेच्या निम्मी द्या. इथे मात्र बिनखवल्यांची काळजी खरी आहे. औषध चालू असताना फिल्टरमधला कोळसा काढून ठेवायला विसरू नका, नाहीतर तो सगळं औषध ओढून घेतो.

गोड्या पाण्यात खरे शार्क असतात का? असतात, पण बोटांवर मोजण्याइतके.

आधी खरा शार्क कशाला म्हणायचं ते पाहू. कोळीवाड्यात मोरी किंवा मुशी म्हणून जे मिळतं तो खरा शार्क. हाडं नाहीत, सगळा सांगाडा कूर्चेचा. कल्ल्यावर झाकण नाही. डोक्याच्या दोन्ही बाजूंना पाच, क्वचित सहा-सात, उघड्या चिरा. कातडी शेपटीकडून डोक्याकडे चोळली तर कानसीसारखी खरखरते. पोटात हवेची पिशवी नाही, तिच्याऐवजी तेलाने भरलेलं मोठं यकृत. तुमच्या टाकीतल्या माशाला कल्ल्याचं झाकण आहे, हाडं आहेत, मिशाही आहेत. शार्कसारखा फक्त पाठीवरचा त्रिकोणी पर आणि न थांबता येरझाऱ्या घालायची सवय. व्यापाऱ्यांना नाव द्यायला तेवढं पुरतं.

शार्कला गोडं पाणी का सोसत नाही, यामागे मिठाचा हिशेब आहे. समुद्रातले शार्क रक्तात युरिया साठवून अंगातलं पाणी समुद्राइतकंच, किंचित जास्तच, दाट ठेवतात. त्यामुळे समुद्र त्यांचं पाणी ओढून घेत नाही. असा मासा नदीत टाकला तर पाणी उलट आत घुसतं आणि मीठ बाहेर जातं. बुल शार्क ही समुद्री शार्कची एक जात मात्र हे सांभाळू शकते. नदीत शिरला की हा शार्क रक्तातला युरिया कमी करतो, जास्तीचं मीठ बाहेर टाकणाऱ्या गुदग्रंथीचं काम मंदावतं, मूत्रपिंडं भरपूर आणि पातळ मूत्र बनवतात, आणि कल्ले पाण्यातलं मिळेल तेवढं मीठ ओढून घेतात. समुद्रात त्याच्या रक्ताचा दाटपणा १,००० मिलिऑस्मोलच्या (विरघळलेल्या पदार्थांचं माप) वर असतो, नदीत तो ६५०च्या आसपास येतो. तरीही भोवतालच्या पाण्यापेक्षा तो कितीतरी जास्त आहे, म्हणजे नदीत राहणं त्याला सतत महागच पडतं. मग तो जातो कशाला? मुख्यतः पिल्लांसाठी. माद्या नदीच्या मुखाशी पिल्लं घालतात आणि साठ-सत्तर सेंटिमीटरची ती पिल्लं पहिली काही वर्षं नदीत काढतात, कारण त्यांना खाणारे मोठे शार्क तिथे फारसे येत नाहीत.

निकाराग्वा सरोवरातले बुल शार्क एकेकाळी वेगळी, सरोवरात अडकलेली जात मानले जात. प्राणीशास्त्रज्ञ थॉमस थॉर्सन यांनी १९६० आणि ७०च्या दशकांत त्यांना खुणेचे बिल्ले लावले, तेव्हा सरोवरात खूण केलेले मासे सान हुआन नदीतून कॅरिबियन समुद्रात आणि तिथले सरोवरात सापडले. मिसिसिपीत बुल शार्क इलिनॉयमधल्या ऑल्टनपर्यंत १९३७ मध्ये आला होता, तर अमेझॉनमध्ये पेरूतल्या इकितोसपर्यंत, समुद्रापासून साडेतीन हजार किलोमीटरहून आत. ऑस्ट्रेलियात ब्रिस्बेनजवळच्या कारब्रुकच्या गोल्फ मैदानातल्या तळ्यात पुराबरोबर आलेले बुल शार्क पुढे सतरा वर्षं तिथेच राहिले. बाहेर जायला वाट नव्हती आणि खायला तळ्यात मासे होते.

बुल शार्क नदीत येतो-जातो. ग्लायफिस या वंशातले शार्क मात्र नद्या आणि खाड्यांचेच. यातला गंगा शार्क हुगळीच्या नमुन्यांवरून म्युलर आणि हेन्ले या जर्मन शास्त्रज्ञांनी १८३९ मध्ये वर्णिला. डोळे अगदी बारीक, कारण गढूळ पाण्यात त्यांचा उपयोग बेताचाच; शिकार विजेच्या सूक्ष्म लहरी टिपणाऱ्या नाकावरच्या छिद्रांनी हुडकायची. गंगेत माणसांवर झालेले जुने हल्ले याच्या नावावर जमा आहेत, पण खालच्या जबड्यातले त्याचे दात अरुंद, भाल्यासारखे, मासे पकडण्याच्या कामाचे आहेत. संशयित बहुधा बुल शार्कच असावा, कारण तोही त्याच पाण्यात फिरतो आणि वरून पाहता दोघं ओळखू येत नाहीत. उत्तर ऑस्ट्रेलिया आणि न्यू गिनीत याच वंशाच्या आणखी दोन जाती आहेत, त्यातल्या एकीला नाव मिळालं थेट २००८ मध्ये.

गंगा शार्कचा आपल्याशी थेट संबंध आहे. बऱ्याच वर्षांत कुठेच नोंद नसलेला हा मासा फेब्रुवारी २०१६ मध्ये मुंबईच्या ससून डॉकवर उतरलेल्या मालात दिसला. अडीच मीटरपेक्षा मोठी मादी होती. संशोधकांच्या नजरेला पडली आणि फोटो निघाले म्हणून ओळख पटली, नाहीतर ती बाकीच्या मोरीबरोबर कापली जाऊन गेली असती. २००१ पासून हा शार्क वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. तो पकडणं, विकणं, बाळगणं गुन्हा आहे. त्यामुळे ‘ओरिजिनल रिव्हर शार्क’ अशी जाहिरात दिसली तर एकतर ती थाप आहे किंवा गुन्हा.

घरच्या गोड्या पाण्यात शार्कचा खरा नातेवाईक ठेवता येतो तो एकच: दक्षिण अमेरिकेतल्या नद्यांचं पाकट, म्हणजे मोटोरो वगैरे स्टिंगरे. ते इतक्या काळापासून नदीत आहेत की युरिया साठवायची क्षमताच गमावून बसलेत. समुद्रात सोडले तर मरतील. पण त्यांना उंचीपेक्षा तळाची जागा जास्त लागते, किमान अडीच मीटर बाय एक मीटर तळ, मऊ वाळू, अमोनिया कायम शून्य. शेपटीच्या काट्यात विष असतं. नवशिक्याचं हे काम नाही, एवढं बोलून पुढे जातो.

गळ टाकणारी मंडळी भीमा-गोदावरीतल्या शिवड्यालाही ‘गोड्या पाण्यातला शार्क’ म्हणतात. रुंद जबडा, दातांच्या रांगा आणि समोर येईल ते गिळायची वृत्ती पाहता हे नाव पटतंही. पण शिवडा हादेखील कॅटफिशच. त्याची बोटभर पिल्लं कधी कधी दुकानात येतात. टाकीतला प्रत्येक सोबती त्याच्या पोटात जातो.

आता तुम्ही विचारलेले बाकीचे ‘शार्क’.

रेड टेल हा या सगळ्यांत देखणा आणि सगळ्यांत भांडखोर. अंग मखमली काळं, लाल फक्त शेपटी. लांबी १२ सेंटिमीटरच्या आसपास. थायलंडच्या चाओ फ्राया खोऱ्यातला हा मासा १९९६ मध्ये निसर्गातून नष्ट झालेला म्हणून नोंदला गेला होता. नंतर एक लहानशी संख्या सापडली आणि आता तो अतिसंकटग्रस्त यादीत आहे. दुकानात येणारा प्रत्येक रेड टेल शेतीत, संप्रेरकांची इंजेक्शनं देऊन पैदास केलेला असतो. नदीत संपत आलेला मासा जगभरच्या दुकानांत ढिगाने मिळतो, अशी ही विचित्र स्थिती.

तो एका टाकीत एकच ठेवायचा. दोन ठेवले तर दुबळा कोपऱ्यात, पंप किंवा हीटरच्या मागे दबून राहतो, खायला येत नाही आणि दोन-तीन आठवड्यांत मरतो. अंगावर जखम नसते म्हणून मालक आजार शोधत बसतो. ‘जोडी द्या’ म्हणू नका. दुकानात नर-मादी ओळखणं जवळपास अशक्य आहे आणि घरच्या टाकीत हा अंडी घालत नाही. टाकी किमान चार फूट बाय दीड बाय दीड, म्हणजे २५० लिटर. तळाशी लाकूड किंवा दगडाच्या दोन-तीन गुहा, मधेमधे नजर अडेल अशी झाडं. हा सगळ्यात शेवटी सोडायचा. आधी सोडला तर तो अख्ख्या टाकीवर सातबारा लावून बसतो आणि नंतर आलेल्या प्रत्येकाला घुसखोर समजतो. तरी दादागिरी सुरू झालीच तर त्याला दोन दिवस वेगळं काढा, दगड-लाकडांची जागा बदला, मग परत सोडा. ओळखीच्या खुणा गेल्या की हक्क परत नव्याने मिळवावा लागतो. सोबतीला मधल्या आणि वरच्या थरातले चपळ मासे: टायगर बार्ब, रोझी बार्ब, जायंट डॅनिओ. गप्पी, एंजल, गोल्डफिश, फायटर नकोत. तळाला राहणारं दुसरं काही नको, आणि त्याच्यासारखं दिसणारं तर अजिबात नको.

खाणं साधं: बुडणारी गोळी, शैवालाची वडी, आठवड्यातून दोनदा उकळत्या पाण्यातून काढलेला पालक किंवा काकडीची चकती, एकदा ब्लडवर्म. काकडी रात्री टाकली तर सकाळी काढायची. रंग करडा पडला तर आधी पाणी तपासा, मग लपायची जागा आहे का ते पाहा. रंग वाढवणाऱ्या खाद्याने दबलेला मासा काळा होत नाही.

रेड टेल म्हणून दोन वेगळे मासे गळ्यात मारले जातात. सगळेच पर लाल किंवा नारिंगी आणि अंग करडं असेल तर तो रेनबो शार्क. १५ सेंटिमीटर होतो, स्वभाव थोडा नरम पण बाकी नियम तेच. शेपटीसकट नखशिखांत काळा असेल तर तो ब्लॅक लेबिओ, आपल्या रोहूचा जवळचा नातेवाईक, आणि तो ९० सेंटिमीटरपर्यंत जातो. पिल्लू असताना लाल कुठे आहे ते दिवसाच्या उजेडात बघून घ्या. दुकानातल्या निळ्या-गुलाबी लाइटखाली काहीही लाल दिसतं.

सिल्व्हर शार्क किंवा बाला शार्क: चंदेरी अंग, खवले चकचकीत, परांना आणि शेपटीला काळी किनार. सुमात्रा-बोर्निओकडचा, आणि रानात तोही धोक्यात आहे. स्वभावाने गरीब. पण लांबी ३५ सेंटिमीटर आणि पाचाच्या कळपाशिवाय चैन नाही. एकटा ठेवला तर एकतर सतत बिचकतो किंवा दुसऱ्यांना छळतो. पाच मोठ्या बालांना सहा फूट बाय दोन बाय दोन, म्हणजे पावणेसातशे लिटर, हे किमान आहे. याचा मृत्यू बहुतेक वेळा टाकीबाहेर होतो: झाकण आणि पाइप यांच्यातल्या दोन बोटांच्या फटीतून रात्री उडी मारतो आणि सकाळी सोफ्यामागे सापडतो. फट इंचापेक्षा मोठी ठेवू नका, आणि पाण्याची पातळी काठापासून दोन-तीन इंच खाली ठेवा.

‘रोझलाइन शार्क’ म्हणजे आपल्याच पश्चिम घाटातला मिस केरळ. अंगावर काळी आणि लाल आडवी रेघ, लांबी साधारण १५ सेंटिमीटरपर्यंत. २०१३ मध्ये भारतीय संशोधकांनी त्याच्यासाठी नवा वंश केला आणि त्याला नाव दिलं सह्याद्रिया. त्याला वाहतं, भरपूर ऑक्सिजनचं, २२ ते २६ अंशांचं पाणी लागतं. एप्रिल-मे महिन्यात विदर्भ-मराठवाड्यात टाकीचं पाणी ३२च्या वर जातं तिथे तो चिलरशिवाय (पाणी थंड करणाऱ्या यंत्राशिवाय) टिकत नाही. निसर्गात तो संकटग्रस्त आहे, मागणीपायी नद्यांतून अतोनात उपसला गेला. वन्यजीव कायद्याच्या ताज्या अनुसूचीत नाव आहे का ते वनखात्याकडे विचारल्याशिवाय घेऊ नका.

तीन नावं फक्त टाळण्यासाठी लक्षात ठेवा. कोलंबियन शार्क: चंदेरी, खालचे पर काळे आणि टोकं पांढरी. गोड्या पाण्याचा म्हणून विकतात, पण हा किनाऱ्यावरचा मासा आहे. पिल्लू नदीमुखात राहतं, मोठा समुद्रात जातो. गोड्या पाण्यात काही महिने जगतो, मग अन्न सोडतो. त्याला सागरी मीठ लागतं, सुरुवातीला विशिष्ट गुरुत्व (खारेपणा मोजायचं माप) १.००५ आणि पुढे हळूहळू वर. पाठीचा आणि छातीचा काटा विषारी. टोचला तर सोसेल एवढ्या गरम पाण्यात, ४५ अंशांच्या आत, हात बुडवून ठेवायचा आणि दवाखान्यात जायचं. पाकटाच्या काट्यालाही हेच. परून शार्क: पंगासचाच भाऊबंद, डोकं पसरट, पाठीच्या परातून लांब दोरा निघालेला. मोठा झाला की तीन मीटरच्या घरात. आणि चायनीज हायफिन: लहानपणी पट्टेदार, पर गलबताच्या शिडाएवढा, मोठेपणी एक मीटरचा, पट्टे आणि शीड दोन्ही गेलेला, वर थंड पाण्याचा हट्ट.

म्हणजे तुमच्या ९० लिटरमध्ये ‘शार्क’ नावाचं काहीही बसत नाही, रेड टेलसुद्धा नाही. मासे दिल्यावर टाकी रिकामी करू नका, फिल्टर चालू ठेवा, नाहीतर बसलेले जिवाणू उपाशी मरतात. लगेच दहा चेरी बार्ब सोडा, पाच-पाच करून, मधे दहा दिवसांचं अंतर ठेवून. रेड टेलचा मोह सुटत नसेल तर चार फुटी टाकी होईपर्यंत थांबा.

पंगास द्यायचे ते जिथून आणले त्या दुकानात, अर्ध्या किमतीत किंवा फुकट. नाहीतर आधीपासून पंगास पाळणाऱ्या मत्स्यशेतीवाल्याकडे. तलावात, नदीत, विहिरीत नाही. टाकीतून बाहेर गेलेल्या सकर माशाने उजनीतल्या मच्छीमारांची जाळी कशी फाडली ते त्यांना विचारा. खायचा विचारही नको. शोभेच्या माशांना दिलेली औषधं खाद्य-माशांसाठी मान्य नसतात.

नेण्याच्या आदल्या दिवशी खायला देऊ नका, म्हणजे पिशवीतलं पाणी घाण होत नाही. जाळीने पकडू नका: पंगासच्या छातीच्या परांना दातेरी काटा असतो, तो जाळीत अडकतो, आणि ओढला तर पर फाटतो किंवा तुमचं बोट. लाइट बंद करा, टाकीतलं निम्मं पाणी बादलीत काढून घ्या, मोठं प्लास्टिकचं भांडं पाण्यात आडवं धरा आणि मासा हळूहळू त्यात हाका. पिशवी दुहेरी, तळाचे कोपरे रबरबँडने बांधून गोल केलेले, कारण काटा एक थर सहज भोसकतो आणि कोपऱ्यात मासा चेपतो. एका पिशवीत एक मासा, एक तृतीयांश पाणी, बाकी हवा. पिशवी वर्तमानपत्रात गुंडाळा. अंधारात पंगास गप्प पडून राहतो. पोचल्यावर पिशवी पंधरा मिनिटं तरंगत ठेवा, तिकडचं पाणी थोडं थोडं आत घाला, आणि मासा सोडताना पिशवीतलं पाणी तिकडच्या टाकीत जाऊ देऊ नका. सोडल्यावर तासभर तिथला लाइट लावू नये, एवढं दुकानदाराला आवर्जून सांगा.